पदांची यादी वाचायची कशी? तिबेटी अधिकाऱ्यांच्या कारकिर्दीचा अभ्यास सुरू करणाऱ्यांसाठी

तिबेटच्या आधुनिक राजकारणाचा अभ्यास करू इच्छिणारे आपल्याकडचे विद्यार्थी बहुधा 1954 चा भारत-चीन करार, 1959 मधले दलाई लामांचे भारतातील आगमन आणि 1962 चे युद्ध या टप्प्यांवरून पुढे जातात. चिनी कम्युनिस्ट राजवटीत ज्यांनी पदे स्वीकारली, त्या तिबेटी अधिकाऱ्यांकडे मात्र क्वचितच कोणी वळते. वळलेच तर ‘फितूर’ किंवा ‘देशभक्त’ यांपैकी एक शिक्का मारून मोकळे होते. या विषयात बरीच वर्षे घालवल्यानंतर माझे मत असे झाले आहे की 1950 नंतरचा तिबेट समजून घ्यायचा असेल तर या माणसांच्या कारकिर्दीइतका चांगला दरवाजा दुसरा नाही. मात्र त्यासाठी पदांची यादी वाचायला शिकावे लागते, आणि ते शिक्षण कोणत्याही अभ्यासक्रमात मिळत नाही.

माझी पद्धत साधी आहे. प्रत्येक अधिकाऱ्यासाठी मी वहीत चार रकाने आखते: वर्ष, शासनातील किंवा प्रतिनिधिसभेतील पद, पक्षातील पद, आणि त्या वेळी तिबेटमधील पक्षाची सूत्रे कोणाच्या हाती होती त्याचे नाव. नवख्या अभ्यासकाचे लक्ष दुसऱ्या रकान्यावर खिळते, कारण भारदस्त नावे तिथेच असतात. खरी सत्ता मात्र तिसऱ्या आणि चौथ्या रकान्यात असते. तिबेट स्वायत्त प्रदेशाची स्थापना सप्टेंबर 1965 मध्ये झाली; तेव्हापासून आजतागायत तेथील पक्षाचा प्रमुख एकदाही तिबेटी नव्हता. 1985 ते 1988 या काळात पक्षसचिव असलेले वू जिंगहुआ हान, म्हणजे चीनमधील बहुसंख्य समाजाचे, नव्हते, पण ते यी या दुसऱ्या अल्पसंख्य समाजाचे होते. याउलट 1979 पासून प्रादेशिक शासनाचे अध्यक्षपद सातत्याने तिबेटी व्यक्तीकडे राहिले आहे. शासनाचा अध्यक्ष तिबेटी आणि त्याच्यावर अंकुश ठेवणारा पक्षसचिव बाहेरचा, ही रचना एकदा मनात पक्की बसली की कोणाची बढती खरी आणि कोणाची केवळ शोभेची, हे आपोआप दिसू लागते.

पहिला अभ्यासविषय म्हणून मी नेहमी फुन्त्सोक वांग्याल यांचे नाव सुचवते. त्यांचा जन्म 1922 साली पूर्व तिबेटी भागातील खाम प्रांतातल्या बातांग येथे झाला. कम्युनिस्टांपूर्वी चीनवर सत्ता असलेल्या चिआंग कै-शेक यांच्या राजवटीने तिबेटी व मंगोल मुलांसाठी चालवलेल्या शाळेत ते शिकले, तिथेच त्यांनी मार्क्सवादी साहित्य वाचले, विद्यार्थीदशेतच तिबेटी कम्युनिस्टांचा एक गुप्त गट उभा केला आणि त्यापायी शाळेतून काढले गेले. पुढे ल्हासात राहून तेथील सरदारवर्गाला सुधारणांचे महत्त्व पटवून देण्याचा त्यांनी प्रयत्न केला. जुलै 1949 मध्ये तिबेटी सरकारने चिनी प्रतिनिधींसोबत त्यांनाही हद्दपार केले. त्याच वर्षी त्यांचा गट चिनी कम्युनिस्ट पक्षात विलीन झाला. म्हणजे हा माणूस पक्षाने घडवलेला नव्हता. तो स्वतःचा विचार घेऊन पक्षात आला होता. पुढच्या सगळ्या घडामोडींचे मूळ मला इथे दिसते.

23 मे 1951 रोजी बीजिंगमध्ये चिनी सरकार आणि तिबेटी शिष्टमंडळ यांच्यात सतरा कलमी करार झाला. त्याच्या वाटाघाटींत फुन्त्सोक वांग्याल दुभाषे होते. या कराराची कलमे विद्यार्थ्यांनी एकदा तरी सावकाश वाचावीत. पहिल्या कलमात तिबेटने ‘मातृभूमीच्या’ कुटुंबात परतावे असे म्हटले आहे, चौथ्यात तेथील प्रचलित राजकीय व्यवस्था बदलली जाणार नाही अशी हमी आहे, तर अकराव्यात सुधारणांसाठी सक्ती होणार नाही असे वचन आहे. तिबेटी कम्युनिस्टाला या मजकुरात दोन्ही गोष्टी एकत्र दिसल्या असणार: समाज बदलण्याची संधी आणि आपल्या लोकांचा कारभार आपल्याच हाती राहण्याची खात्री. सप्टेंबर 1951 मध्ये चिनी सैन्याची पहिली तुकडी ल्हासात पोहोचली तेव्हा ते तिच्यासोबत होते, आणि 1954-55 मध्ये तरुण दलाई लामा बीजिंगला गेले तेव्हा माओ व दलाई लामा यांच्यातील संभाषण त्यांच्याच तोंडून एकमेकांपर्यंत पोहोचत होते. (त्याच भेटीत दलाई लामा नॅशनल पीपल्स काँग्रेसच्या, म्हणजे चीनच्या संसदेच्या, स्थायी समितीचे उपाध्यक्ष झाले, ही नोंद विद्यार्थ्यांना चकित करते, पण तीही एका तिबेटी पदाधिकाऱ्याचीच नोंद आहे.)

आता वहीतला पुढचा भाग पाहा. 1958 साली त्यांच्यावर ‘स्थानिक राष्ट्रवादा’चा, म्हणजे पक्षापेक्षा आपल्या समाजाला पुढे ठेवल्याचा, ठपका येतो, 1960 मध्ये अटक होते आणि मग 1978 पर्यंत दुसरा आणि तिसरा हे दोन्ही रकाने कोरे राहतात. ती अठरा वर्षे त्यांनी बीजिंगजवळच्या छिनचेंग तुरुंगात, बहुतांश एकांतवासात काढली. त्या काळात त्यांच्या पत्नीचा मृत्यू झाला. कारकिर्दीच्या अधिकृत टिपणात असा कोरा भाग आढळला की तो ओलांडून पुढे जाऊ नका, कारण यादीतला सर्वांत महत्त्वाचा मजकूर तोच असतो. सुटकेनंतर त्यांची प्रतिष्ठा पुन्हा प्रस्थापित झाली, स्वायत्त प्रदेशाच्या शासनाचे अध्यक्षपदही देऊ करण्यात आले, परंतु त्यांनी ते नाकारले. अल्पसंख्य समाजांविषयीच्या राष्ट्रीय समितीवर राहून, बीजिंगमधूनच ते राष्ट्रीयतांच्या, म्हणजे तिबेटींसारख्या वांशिक समाजांच्या, हक्कांविषयी लिहीत राहिले. नाकारलेले पद कुठल्याही अधिकृत यादीत सापडत नाही. म्हणून माझ्या वहीत समासात त्यासाठी वेगळी जागा असते.

त्यांच्या शेजारी न्गापो न्गावांग जिग्मे यांची यादी ठेवली की अभ्यासाला धार येते. 1910 साली जन्मलेले न्गापो ल्हासाच्या सरदारवर्गातले होते. ऑक्टोबर 1950 मध्ये चिनी सैन्याने पूर्व तिबेटमधील चाम्दो घेतले तेव्हा ते तेथील राज्यपाल होते. ते पकडले गेले, आणि काही महिन्यांतच त्यांनी तिबेटी शिष्टमंडळाचे प्रमुख म्हणून सतरा कलमी करारावर सही केली. पुढची यादी अखंड आहे: 1955 मध्ये लेफ्टनंट जनरल, 1956 मध्ये स्वायत्त प्रदेशाच्या पूर्वतयारी समितीचे महासचिव, 1964 च्या अखेरीस दहाव्या पंचेन लामांना (दलाई लामांनंतरचे मोठे तिबेटी धर्मगुरू) दूर केल्यावर त्याच समितीचे कार्यवाहक अध्यक्ष, 1965 मध्ये नव्या स्वायत्त प्रदेशाच्या शासनाचे प्रमुख, आणि नंतर राष्ट्रीय पातळीवरील प्रतिनिधिसंस्थांची उपाध्यक्षपदे, ती थेट 2009 मधील मृत्यूपर्यंत. सांस्कृतिक क्रांतीतही त्यांना तुरुंग पाहावा लागला नाही. दुसरा रकाना इतका भरगच्च, पण तिसरा पूर्ण रिकामा, कारण ते पक्षाचे सदस्य नव्हते. पक्षावर निष्ठा असलेला तिबेटी कम्युनिस्ट अठरा वर्षे कोठडीत राहिला आणि जुन्या राजवटीतला सरदार सुरक्षित राहिला, ही गोष्ट मला अपघात वाटत नाही. सरदाराकडून पक्षाला सही आणि उपस्थिती हवी होती, ती मिळत होती. मार्क्स-लेनिनच्याच आधारे राष्ट्रीयतांचे हक्क मागणाऱ्या सहकाऱ्याला उत्तर देणे त्याहून कितीतरी अवघड होते.

तरीही न्गापो यांना ‘सही करणारा माणूस’ म्हणून निकालात काढू नये. ते वारले तेव्हा बीजिंगने त्यांचा गौरव केला हे अपेक्षितच होते, पण धर्मशाळेतील निर्वासित तिबेटी प्रशासनानेही त्यांना प्रामाणिक आणि देशप्रेमी म्हटले. गोंदिया जिल्ह्यातील नोर्ग्येलिंग वसाहतीत किंवा धर्मशाळेत ज्येष्ठ तिबेटींशी बोलण्याची संधी मिळाली तर ही गुंतागुंत प्रत्यक्ष ऐकायला मिळते. तेथे जाताना आपला निष्कर्ष घरी ठेवावा, आणि ‘ते फितूर होते का’ या प्रश्नाने सुरुवात मुळीच करू नये. त्यांच्या घराण्याविषयी, चाम्दोविषयी, त्या काळच्या ल्हासाविषयी विचारावे, म्हणजे माणसे मोकळेपणाने बोलतात.

स्वायत्त प्रदेशाच्या स्थापनेनंतर वर आलेली पिढी वेगळी आहे. नागचू भागातील गरीब पशुपालक कुटुंबातून आलेले रायदी 1961 मध्ये पक्षात आले, अनेक वर्षे प्रादेशिक पक्षाचे उपसचिव राहिले, आणि 2003 ते 2008 या काळात नॅशनल पीपल्स काँग्रेसच्या स्थायी समितीचे उपाध्यक्ष होते. प्रादेशिक पक्षातील पदापुढचा ‘उप’ हा शब्द मात्र कधी सुटला नाही. त्यांच्यासारख्यांची माहिती बहुतांशी सरकारी टिपणांतूनच मिळते, म्हणून तिथे चौथा रकाना अधिक काळजीपूर्वक भरावा लागतो.

व्यावहारिक अडचण नावांची असते. तिबेटी उच्चार, चिनी लिपीवरून आलेले रोमन रूप आणि इंग्रजी पुस्तकांतले लेखन यांमुळे एकच व्यक्ती तीन माणसांसारखी भासते. न्गापो चिनी कागदपत्रांत ‘आपेई’ होतात आणि फुन्त्सोक वांग्याल ‘पिंगत्सुओ वांगज्ये’ होतात. पहिल्याच दिवशी सर्व रूपांची सूची करून ठेवा. चिनी वा तिबेटी यांपैकी एका भाषेचे वाचन येईल इतके कष्ट घ्या. दोन्ही आल्या तर उत्तमच. धर्मशाळेतील तिबेटी ग्रंथ व अभिलेखागार, 1970 पासून सुरू असलेली संस्था, भारतात राहून या विषयावर काम करणाऱ्यांसाठी मोठा आधार आहे.

फुन्त्सोक वांग्याल यांनी 2004 पासून तेव्हाचे चीनचे राष्ट्राध्यक्ष हू जिंताओ यांना लिहिलेली पत्रे सगळ्यांत शेवटी वाचा, कारण तोवर तुमची वही तयार झालेली असेल. त्यांत त्यांनी दलाई लामांना परत येऊ द्यावे अशी विनंती केली, आणि फुटीरतावादाला विरोध करण्यावरच ज्यांची उपजीविका, बढती आणि श्रीमंती अवलंबून आहे अशा अधिकाऱ्यांवर स्पष्ट शब्दांत टीका केली. ज्यांना ही पत्रे लिहिली ते हू जिंताओ 1988 ते 1992 या काळात स्वतः तिबेटचे पक्षसचिव होते, आणि मार्च 1989 मध्ये ल्हासात मार्शल लॉ लागू झाला तेव्हा चौथ्या रकान्यात त्यांचेच नाव होते. त्या वर्षांपासून पुढे प्रदेशात कोणाची बढती झाली आणि कोणाची थांबली, हे पत्रातील टीकेशेजारी ठेवून पाहिले तर तुमच्या अभ्यासाचा पहिला स्वतंत्र प्रश्न तिथेच मिळेल.