बूटेबल पेनड्राइव्हने डिस्क दुरुस्त करताय? या चुका टाळा

पेनड्राइव्हवरून कॉम्प्युटर सुरू करून डिस्क दुरुस्त करताना काळ्या स्क्रीनवर एरर आली की लोक तिचा फोटो काढून मला पाठवतात. तोही तिरका, अर्धी ओळ कापलेला. एरर वाचायचे कष्ट मात्र कुणी घेत नाही.

लिनक्सवाल्यांची लाडकी एरर म्हणजे ‘बॅड मॅजिक नंबर इन सुपर-ब्लॉक’. पुष्कळदा सुपरब्लॉक (फाइल सिस्टिमची मूळ माहिती ठेवणारा भाग) ठणठणीत असतो. एसडीए1 लिहायच्या जागी नुसतं एसडीए लिहिलेलं असतं, म्हणजे पार्टिशनऐवजी (डिस्कच्या एका भागाऐवजी) अख्खी डिस्क. लग्नाचे फोटो काढणाऱ्या ओळखीच्या एका पोराने हेच केलं. मग त्याला कुठूनतरी कळलं, की ‘एमके-ई-टू-एफएस’ या कमांडला ‘मायनस एन’ लावलं की सुपरब्लॉकच्या बॅकअप प्रती कुठे आहेत त्याचे आकडे (32768 वगैरे) नुसते दिसतात. घाईत ‘मायनस एन’च राहिलं. ते नसेल तर तीच कमांड डिस्क फॉरमॅट करते! मशीनने विचारलंही, इथे पार्टिशन टेबल आहे, तरी पुढे जायचं का? पठ्ठ्याने ‘वाय’ दाबलं. रात्री साडेअकराला फोन: “दादा, एरर गेली, पण डिस्क रिकामी दिसतेय.” फोटोरेक या फाइली परत मिळवणाऱ्या प्रोग्रामने बरेच फोटो काढून दिले, पण फाइलींची नावं गेली ती गेलीच. कुणाची हळद, कुणाची वरात, हे निवडत तो पंधरा दिवस बसला होता.

मी आधी ‘एलएसबीएलके’ (जोडलेल्या डिस्कची यादी दाखवणारी कमांड) मारतो, साइज बघून डिस्क ओळखतो आणि नाव कागदावर लिहितो. कालची एसडीए आज एसडीबी होऊ शकते, म्हणून कालचा कागद फाडायचा.

विंडोजच्या रिकव्हरीत वेगळाच घोळ. तिथे तुम्ही ‘एक्स’ ड्राइव्हवर असता, आणि तो रॅममध्ये असतो. नुसतं ‘चेकडिस्क’ (डिस्क तपासणारी कमांड) मारलं की ते त्याच्यावरच चालतं आणि ‘राइट प्रोटेक्टेड’ म्हणून रडतं. तुमचा ‘सी’सुद्धा तिथे ‘डी’ झालेला असू शकतो. डिस्कपार्ट या प्रोग्राममध्ये ‘लिस्ट व्हॉल्यूम’ बघा, मग ड्राइव्हचं अक्षर देऊन चेकडिस्क चालवा.

‘फिक्सबूट’ला (विंडोज सुरू होण्याचा भाग दुरुस्त करणाऱ्या कमांडला) ‘अ‍ॅक्सेस डिनाइड’? यूईएफआय (जुन्या बायोसच्या जागी आलेलं) मशीन असेल तर तो नाद सोडा, बूटच्या फाइली नव्याने बसवणारं ‘बीसीडीबूट’ वापरा.

लिनक्समध्ये माउंट केलेल्या (वापरासाठी जोडलेल्या) पार्टिशनवर ‘एफएससीके’ ही तपासणीची कमांड नको. आधी अनमाउंट.

डिस्क कटकट वाजत असेल तर दुरुस्तीची एकही कमांड नको. आधी डीडीरेस्क्यूने दुसऱ्या डिस्कवर कॉपी. क्रम असा: जुनी डिस्क, नवी डिस्क, मॅपफाइल (काय कॉपी झालं याची नोंद). ‘फोर्स’ लावल्याशिवाय ते डिस्कवर लिहीत नाही, म्हणून एंटर दाबण्याआधी मी हात मागे घेतो आणि अख्खी ओळ मोठ्याने वाचतो. बायको हसते, हसू दे.