‘शॅल’चं मराठी करताना या चुका टाळा

म्हापशातल्या एका दुकानाच्या भाडेकरारात वाक्य होतं : ‘पावसाळ्यापूर्वी छपराची दुरुस्ती करण्यात येईल.’ जूनमध्ये कौलांतून धार लागली, कापडाचे तागे भिजले. भाडेकरूनं करार पुढे केला, तर मालक म्हणाला, ‘यात मी करीन असं कुठं लिहिलंय?’ खरंच लिहिलेलं नव्हतं. इंग्रजी मसुद्यात ‘मालक शॅल रिपेअर’ असं स्वच्छ होतं; कायद्याच्या इंग्रजीत ‘शॅल’ सहसा बंधन दाखवतो. मराठी करताना कर्ताच गळाला होता.

‘करण्यात येईल’ ही सरकारी पत्रांची सवय आहे. करारात ती घातक. तिथं असं लिहा : ‘छपराची दुरुस्ती मालकाने दरवर्षी ३१ मेपूर्वी स्वखर्चाने करणे बंधनकारक राहील.’ कोणी, काय, कधीपर्यंत, कोणाच्या पैशानं, सगळं आलं.

दुसरी चूक भिडेपोटी होते. ‘भाडेकरू ५ तारखेपर्यंत भाडे देऊ शकेल.’ ही झाली मुभा, म्हणजे इंग्रजीतला ‘मे’. कायद्याच्या मराठीत ‘करील’ म्हणजे कर्तव्य आणि ‘करू शकेल’, ‘करता येईल’ म्हणजे अधिकार किंवा परवानगी. दोन्हींची सरमिसळ नको. ‘द्यावे’सुद्धा मी टाळतो, कारण ते विनंती, सल्ला, हुकूम यांपैकी काहीही वाटू शकतं.

क्रियापदावर किती काय लटकलेलं असतं, हे गोव्यातल्या मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. १९८७च्या राजभाषा कायद्यात कोकणी राजभाषा ‘आहे’ आणि मराठी शासकीय कामासाठी ‘वापरायची’ आहे. ‘असणे’ आणि ‘वापरणे’ यांमधल्या अंतरावरून आपण अजून भांडतोय.

आणि ‘शॅल’ आला की बंधन आलंच, असंही समजू नका. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३२०(३)मध्ये लोकसेवा आयोगाचा सल्ला घेण्याबाबत ‘शॅल’ आहे. तरी सर्वोच्च न्यायालयानं १९५७मध्ये ते अनिवार्य नसल्याचं ठरवलं. २००७मध्ये एका भागीदारी करारातलं कलम असंच आलं : वाद आपसात मिटवले जातील, किंवा पक्षांनी तसं ठरवल्यास लवादाकडे सोपवले जातील. त्यातही ‘शॅल’ होता. न्यायालय म्हणालं, हा लवादाचा करारच नाही. पुढे ठरवायचं बाकी ठेवलंय. तेव्हा लवाद हवाच असेल, तर ‘ठरवल्यास’, ‘आवश्यक वाटल्यास’ हे शब्द सहीपूर्वी खोडा आणि लिहा, ‘वाद लवादाकडे सोपवणे दोन्ही पक्षांवर बंधनकारक राहील.’