टीव्हीवर परक्या देशाचं युद्ध पाहायचं तर

आधी आवाज बंद करा. दोन मिनिटं नुसतं चित्र पाहा. कॅमेरा कुठं उभा आहे? त्याच्या पाठीमागं काय असेल?

हे मी कापसाच्या भावासाठी केलेल्या रास्ता रोकोत शिकलो. आम्ही होतो जेमतेम चाळीस. कॅमेरावाला पोट्टा म्हणे, "काका, जवळ जवळ या न जी, झेंडे वर धरा." संध्याकाळी पानठेल्यावर बातमी पाहिली, तं रस्ता माणसांनी भरलेला!

आता अमेरिकेच्या इराक युद्धातलं ९ एप्रिल २००३चं बगदाद घ्या. फिर्दोस चौकात इराकचा हुकूमशहा सद्दाम हुसेनचा पुतळा पडला. जवळून दाखवला तेव्हा अख्खं शहर नाचतंय असं वाटलं. लांबून टिपलेल्या चित्रांत चौक बराचसा रिकामा, कडेनं अमेरिकी रणगाडे, आणि पुतळा ओढणारी गाडीही त्यांच्याच सैन्याची. नाचणारे काही खोटे नव्हते. आमचे चाळीसही खरेच होते.

बातमीदार सैन्याच्याच गाडीतून फिरत असेल तर तेही ध्यानात ठेवा. ज्याच्या बंडीत बसून बाजाराला गेलो, त्याचा बैल मारका आहे असं आपण त्याच्या तोंडावर म्हणतो का?

मग वही काढा. मी कापूस वेचणीच्या हिशेबाची मागची पानं वापरतो. मोर्चाचा आकडा आला की तो कोणी सांगितला तेही लिहा. १५ फेब्रुवारी २००३ला लंडनमध्ये याच युद्धाविरुद्ध, ते सुरू होण्याआधी, मोर्चा निघाला. पोलिस म्हणाले साडेसात लाख, आयोजक वीस लाखांपर्यंत गेले. शंकरपटाची, म्हणजे बैलांच्या शर्यतीची, गर्दी पट भरवणारा आणि ठाणेदार कधी सारखी सांगतात? मधला आकडा काढत बसू नका, दोन्ही लिहा.

"आहे" आणि "असल्याचा दावा" हे वेगळे मांडा, खाली अर्धं पान कोरं सोडा. ५ फेब्रुवारी २००३ला अमेरिकेचे तेव्हाचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल यांनी संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत इराकच्या घातक शस्त्रांबद्दल ठासून सांगितलं. तसे साठे पुढे सापडलेच नाहीत. कोरं पान अशा वेळी कामी येतं.

रात्रीची चर्चा सोडली तरी चालते. आमच्याकडं तेव्हाच लाइन येते, मोटर चालू करायला वावरात जावं लागतं.

वाद मात्र होणारच, तेव्हा वही सोबत न्या. माझी पानठेल्यावरच असते. उधारीच्या वहीत मिसळू नये म्हणून तिला लाल दोरा बांधलाय.