छोटं लग्न आणि पाहुण्यांची यादी: घरातले वाद वाढवणाऱ्या या चुका टाळा

"लग्न छोटंच करायचं" यावर घरात सहसा कुणाचंच दुमत नसतं. मात्र मुलीच्या डोळ्यांसमोर चाळीस माणसं असतात आणि वडिलांच्या डोळ्यांसमोर दोनशे. हा फरक यादी लिहायला बसल्यावर कळतो, आणि तोवर भांडण एखाद्या आत्याच्या किंवा जुन्या शेजाऱ्यांच्या नावावरून सुरू झालेलं असतं. नावावरून झालेलं भांडण लागतं. आकड्यावरून झालेलं भांडण त्यामानाने लवकर निवतं. म्हणून आधी आकडा, मग नियम आणि शेवटी नावं, हा क्रम सोडू नका.

आकडा न ठरवता नावं लिहायला घेणं

जागेत किती माणसं आरामात बसतात आणि खर्च किती झेपतो, या दोन गोष्टींतून जो लहान आकडा निघेल तो तुमचा. त्यात वधू-वर, दोघांचे आईवडील आणि भावंडंही मोजा. फोटोग्राफर आणि विधी करणारी व्यक्तीही जागा घेतेच.

मोजताना नेहमी माणसं मोजा, घरं मोजू नका. "आमची फक्त तीसच घरं आहेत" असं आई अगदी मनापासून म्हणते. घरटी चार धरली, तर ती १२० माणसं होतात. यादीत प्रत्येक माणसाची वेगळी ओळ करा, लहान मुलांचीसुद्धा. एवढ्याने अर्धे गैरसमज लिहितानाच मिटतात.

"निम्मी तुमची, निम्मी आमची" अशी वाटणी

ऐकायला हे न्यायाचं वाटतं, पण एका बाजूला चार भावंडं, त्यांचे जोडीदार आणि मुलं असतात, तर दुसऱ्या बाजूला एकुलता एक मुलगा. सरळ निम्मं केलं की एकीकडे सख्खा भाचा गळतो आणि दुसरीकडे वडिलांच्या ऑफिसातले ओळखीचे बसतात.

त्यापेक्षा दोन्हीकडचे अगदी सख्खे आधी वाटणीबाहेर काढा. समजा एकूण ७० जागा आहेत. वधू-वर २, एकीकडचे सख्खे ९, दुसरीकडचे १७, म्हणजे २८ झाले. उरलेल्या ४२ जागांचे तीन वाटे करा: १४ मुलीकडच्यांच्या, १४ मुलाकडच्यांच्या आणि १४ वधू-वरांच्या स्वतःच्या. आपल्या १४ जागांत कुणाला बोलवायचं, हे ज्याचं त्याने ठरवावं. दुसऱ्याच्या वाट्यातल्या नावाबद्दल "हे कशाला?" असं विचारायचं नाही, हे आधीच कबूल करून घ्या.

नाव कापायची घाई, कारण ऐकायची नाही

माझ्या मते सगळ्यात जास्त नुकसान ही चूक करते. आई एका नावावर अडून बसते, मुलगा म्हणतो, "मी त्यांना दहा वर्षांत पाहिलेलंही नाही." दोघांचंही खरं असतं.

रॉबिन डनबार या ब्रिटिश मानववंशशास्त्रज्ञांनी १९९० च्या दशकात मांडलं, की माणूस एका वेळी साधारण १५० जणांशीच खरं नातं टिकवू शकतो. त्यातले जिवाभावाचे पाचेक, जवळचे पंधराएक आणि चांगल्या मैत्रीतले पन्नासेक, अशी वर्तुळंही नंतर मांडली गेली. या आकड्यांच्या नेमकेपणावर अभ्यासकांत मतभेद आहेत, पण यादीसाठी त्यातलं एक घेण्यासारखं आहे. प्रत्येकाचे पन्नास वेगळे असतात. वधू, वर आणि चार आईवडील म्हणजे सहा वर्तुळं, आणि ती एकमेकांत थोडीच मिसळतात. ज्या माणसाला तुम्ही दहा वर्षांत पाहिलं नाही, तो आईच्या पंधरांतला असू शकतो.

म्हणून विचारा, "ते आले नाहीत तर तुला नेमकं काय वाटेल?" उत्तर बहुधा तीनांपैकी एक असतं.

पहिलं म्हणजे उपकाराची जाणीव. "त्यांनी आपल्याला बोलावलं होतं, अडचणीत धावून आले होते." इथे त्या माणसाचा मान राहणं महत्त्वाचं असतं. वधू-वरांनी लग्नानंतर लवकरच त्यांच्या घरी जाऊन भेटायचं, आणि ती भेट आत्ताच कबूल करायची. ही भेट अनेकदा गर्दीतल्या दोन मिनिटांपेक्षा त्यांनाही जास्त आवडते.

दुसरं म्हणजे लोक काय म्हणतील ही भीती. इथे आईवडिलांना गरज असते ती चारचौघांत सांगता येईल अशा उत्तराची. ते तयार करून द्या: "मुलांनी फक्त सख्ख्यांतच करायचं ठरवलंय, आम्ही आमच्याकडचंही कुणाला बोलावलेलं नाही." अर्थात, हे सांगायचं तर ते खरं असायला हवं.

तिसरं म्हणजे ओढ. आईला आपल्या लहानपणच्या मैत्रिणीसमोर तो दिवस जगायचा असतो. याला पर्याय शोधू नका. ती जागा द्या, वेळ पडली तर आपल्या वाट्यातून द्या.

एकासाठी नियम वाकवणं

"चुलत-मामे भावंडं सगळी किंवा कुणीच नाही", "लहान मुलं फक्त सख्ख्यांची", "जोडीदाराला बोलवायचं, मित्राच्या मित्राला नाही" असे नियम सगळ्यांना सारखे असले की राग व्यक्तीवर जात नाही. एका मामेभावाला आवडता म्हणून बोलावलंत, तर उरलेले प्रत्येकजण आपण नावडते का, हाच हिशेब करणार. अपवाद करायचाच असेल तर त्याचं कारण कुणालाही सांगता येईल असं हवं. "हिच्या घरी राहून मी शिकलो" हे कुणालाही पटतं.

सुनेने सासूला समजावणं

हे करू नका. आपापल्या आईवडिलांशी ज्याने त्याने बोलावं. मुलाने आईला सांगितलेला नकार चार दिवसांत विरतो. होणाऱ्या सुनेच्या तोंडून आलेला तोच नकार वर्षानुवर्षं आठवला जातो. बोलतानाही "आम्ही दोघांनी ठरवलंय" म्हणा, "तिला नको आहे" म्हणू नका.

पैसे आधी घेणं, अटी नंतर कळणं

आईवडील खर्च उचलत असतील तर यादीत त्यांचा शब्द असणारच, आणि ते स्वाभाविक आहे. पैसे स्वीकारण्याआधीच विचारा, "यात तुमच्या किती जागा धरू?" उत्तर झेपणारं नसेल तर तेवढी मदत कमी घ्या आणि लग्न आणखी लहान करा.

तोंडी बोलावणी आणि फॅमिली ग्रुप

यादी पक्की होईपर्यंत कुटुंबाच्या ग्रुपवर तारीख टाकू नका. तारीख दिसली की ती आमंत्रण समजली जाते. काकांनी फोनवर कुणाला "यायचं हं" म्हटलंच असेल, तर ते आमंत्रण मागे घेऊ नका, त्यात आपल्याच माणसाची मान खाली जाते. ती जागा काकांच्या बाजूच्या वाट्यातून वजा करा आणि तसं त्यांना शांतपणे सांगा.

"कुणीतरी गळेलच" हा हिशेब

छोट्या लग्नात सगळे जवळचेच असतात, त्यामुळे बहुतेक जण येतात. ७० जागांवर ८५ आमंत्रणं पाठवू नका. पहिली आमंत्रणं दोन-तीन महिने आधी पाठवा, कळवण्याची तारीख लग्नाच्या महिनाभर आधीची ठेवा, आणि जागा रिकामी झाली तर पुढच्या नावाला त्याच दिवशी फोन करा. आठवडा उरल्यावर आलेलं आमंत्रण कशामुळे आलं ते सगळ्यांना कळतं.

"तो आला तर मी येणार नाही"

न्यायाधीश होऊ नका. दोघांनाही बोलवा, दोघांनाही दुसरा येणार असल्याचं आधी सांगा, आणि बसायची जागा लांब ठेवा. यायचं की नाही हे त्यांचं त्यांना ठरवू द्या. मारहाण किंवा छळाचा इतिहास असेल तर मात्र ज्याने सोसलं त्याच्या बाजूने उभं राहा, तिथे समतोल साधायचा नसतो.

वाद आधीच पेटला असेल तर

यादी आठवडाभर बाजूला ठेवा, नवीन नाव नाही आणि खोडणंही नाही. मग प्रत्येकाकडून, वेगवेगळं, फक्त तीन नावं लिहून घ्या, ज्यांच्याशिवाय लग्न लग्न वाटणार नाही अशी. ती आधी मान्य करा. बरेचदा भांडण झालेलं नाव त्या तिनांत नसतंच.

उरलं ते न बोलावलेल्यांना कळवणं. फोटो स्टेटसवर दिसायच्या आधी फोन जायला हवा, आणि तो नात्यातल्या सगळ्यात जवळच्या माणसाने करावा. जागा नाही, हॉल मिळाला नाही असल्या सबबी नकोत. "लग्न अगदी थोडक्यात करतोय, तुम्हाला बोलावता आलं नाही याचं वाईट वाटतंय, पुढच्या महिन्यात दोघांना घेऊन येते" एवढं बोललं तरी चालतं. समोरचा रागावला तर ऐकून घ्या, बाजू मांडू नका. आणि फोन ठेवल्या ठेवल्या त्या भेटीची तारीख कॅलेंडरमध्ये लिहा.