भूसंपादनाचे अपील उशिरा दाखल करताय? या चुका टाळा

वाढीव मोबदल्याचे अपील मुदतीबाहेर गेले की नजर फक्त दिवसांच्या आकड्यावर जाते. कोर्ट मात्र त्या दिवसांचा हिशेब मागते. 2017 साली सर्वोच्च न्यायालयाने भूसंपादनाच्या अपिलातला 3671 दिवसांचा उशीर माफ केला. 2024 मध्ये 5659 दिवसांचा नाकारला.

पहिली चूक कायदा न बघण्याची. जुन्या 1894 च्या कायद्याखाली कलम 54 चे उच्च न्यायालयातले अपील असेल, तर मुदत 90 दिवस. 2013 च्या कायद्यात कलम 74 प्रमाणे 60 दिवस, आणि पुरेसे कारण दाखवल्यास आणखी 60. राष्ट्रीय महामार्गाच्या जमिनीचा रस्ताच वेगळा: लवादाच्या निवाड्याला लवाद कायद्याच्या कलम 34 खाली तीन महिन्यांत आव्हान द्यायचे, फार तर 30 दिवस जास्त. त्यानंतर कारण कितीही खरे असो, उपयोग नाही.

निकालाची प्रमाणित नक्कल मिळण्यात गेलेले दिवस मोजताना तर हमखास घोळ होतो. समजा निकाल 1 जूनचा, नक्कलेचा अर्ज 20 जूनला, नक्कल तयार 10 जुलैला आणि तुम्ही ती उचलली 5 ऑगस्टला. मुदतीतून वजा होतात ते 20 जून ते 10 जुलै, म्हणजे 21 दिवस. अर्जाआधीचे आणि नक्कल तयार होऊन पडून राहिल्याचे दिवस तुमच्याच खात्यावर. मुदत संपल्यावर नक्कल मागितली, तर एकही दिवस वजा होत नाही. अर्जाची, नक्कल तयार झाल्याची आणि उचलल्याची, या तिन्ही तारखा नक्कलेवरच्या शिक्क्यात असतात, त्या आधी वाचा.

‘अर्जदार अडाणी शेतकरी आहे, कायद्याचे ज्ञान नाही’ हे वाक्य जवळपास प्रत्येक विलंब माफी अर्जात असते, म्हणूनच त्याला वजन उरलेले नाही. निकाल कधी कळला, कोणी सांगितला, मुदत संपली त्या दिवशी काय अडचण होती, तिथून दाखल करेपर्यंत काय घडले, हे तारखांसह शपथपत्रात यायला हवे. आजारपण म्हणायचे तर दवाखान्याचे कागद जोडा; खातेदार वारला असेल तर मृत्यू दाखला आणि वारस फेरफार. मधले सहा महिने कोरे सोडलेत, तर सरकारी वकील नेमके तिथेच बोट ठेवतात.

‘शेजारच्या गटाला जास्त भाव मिळाला’ हे उशिराचे कारण होत नाही. 2024 च्या निकालात हेच स्पष्ट केले आहे. दुसऱ्याच्या वाढीव निवाड्यावरून मोबदला मागायची वाट जुन्या कायद्यात कलम 28-अ ची, नव्या कायद्यात 73 ची. मुदत त्या निवाड्यापासून तीन महिने, तीही ज्यांनी स्वतः वाढीव मोबदल्याचा संदर्भ अर्ज (प्रकरण कोर्टाकडे पाठवा असा अर्ज) केलेला नाही त्यांनाच.

आणि व्याजावर अडून बसू नका. 2017 च्या त्या प्रकरणातही उशिराच्या काळाचे व्याज मिळाले नव्हते. ‘विलंब काळाचे व्याज मागणार नाही’ असे अर्जातच लिहून दिले, तर सरकारवर जादा बोजा पडतो हा विरोधी मुद्दा बराच बोथट होतो.