रक्ताच्या रिपोर्टमधील ‘ईजीएफआर’ कसा वाचावा

मधुमेह किंवा रक्तदाबाच्या नेहमीच्या तपासणीत किडनी फंक्शन टेस्ट सांगितली जाते आणि संध्याकाळपर्यंत लॅबचा रिपोर्ट मोबाइलवर येतो. त्यात क्रिएटिनिनच्या ओळीखाली अलीकडे बहुतेक ठिकाणी आणखी एक ओळ छापलेली असते : ईजीएफआर, त्यापुढे ५८ किंवा ७२ असा एखादा आकडा आणि शेवटी ‘मि.लि. प्रति मिनिट प्रति १.७३ चौरस मीटर’ हे लांबलचक एकक. काही रिपोर्टांवर त्याखाली ‘स्टेज ३’ असेही छापलेले असते, आणि तेवढे दोन शब्द घरातल्या सगळ्यांची झोप उडवायला पुरेसे ठरतात. वास्तविक हा आकडा एकटा वाचण्यासाठी नाहीच. तो वय, लघवीतील अल्ब्युमिन (एक प्रथिन) आणि आधीचे रिपोर्ट यांच्या सोबत वाचायचा असतो. तो कसा वाचावा, हे पुढे क्रमाने दिले आहे.

पायरी १ : आकडा कशाचा आहे, हे समजून घ्या

प्रत्येक मूत्रपिंडात साधारण दहा लाख सूक्ष्म गाळण्या असतात. केशवाहिन्यांच्या गुंतवळ्यासारख्या दिसणाऱ्या या गाळणीला वैद्यकात ग्लोमेरुलस म्हणतात. दोन्ही मूत्रपिंडांतील सर्व गाळण्या मिळून एका मिनिटात किती मिलिलिटर द्रव गाळतात, तो दर म्हणजे जीएफआर (ग्लोमेरुलर फिल्ट्रेशन रेट). निरोगी तरुण माणसात हा दर मिनिटाला १०० ते १२५ मिलिलिटरच्या आसपास असतो. म्हणजे दिवसाला सुमारे १८० लिटर द्रव गाळला जातो. त्यातला बहुतेक सगळा शरीर परत शोषून घेते आणि दीड-दोन लिटरच लघवीवाटे बाहेर पडतो.

हा दर प्रत्यक्ष मोजता येतो, परंतु त्यासाठी विशिष्ट द्रव्य शिरेतून देऊन काही तास नमुने घ्यावे लागतात. मूत्रपिंड दान करू इच्छिणाऱ्यांची तपासणी अशा मोजक्या प्रसंगीच ते केले जाते. एरवी रक्तातील क्रिएटिनिन मोजून, त्यात वय आणि लिंग घालून, सूत्राने दराचा अंदाज काढतात. नावातला पहिला ‘ई’ या अंदाजाचा, म्हणजे ‘एस्टिमेटेड’चा आहे. लॅबने आपल्या रक्तात ईजीएफआर मोजलेला नसतो. मोजलेले असते ते क्रिएटिनिन, आणि बाकीचे काम संगणकाने केलेले असते.

एककातील १.७३ चौरस मीटर हे शरीराच्या पृष्ठभागाचे प्रमाणित माप आहे. १९२० च्या दशकात अमेरिकेतील तरुण स्त्री-पुरुषांच्या सरासरीवरून ते ठरले आणि तेव्हापासून टिकून आहे. आपल्याकडील १५० सेंटिमीटर उंचीच्या आणि ४५ किलो वजनाच्या स्त्रीचे माप सुमारे १.३७ चौरस मीटर भरते. तिच्या रिपोर्टवर ६० लिहिले असेल, तर तिची मूत्रपिंडे प्रत्यक्षात मिनिटाला ४७-४८ मिलिलिटर गाळत असतात. आजाराचा टप्पा ठरवताना या फरकाची चिंता करायची नसते, पण काही औषधांचे डोस ठरवताना डॉक्टर तो ध्यानात घेतात.

पायरी २ : क्रिएटिनिनच्या ‘नॉर्मल’वर विसंबू नका

क्रिएटिनिन हे स्नायूंच्या चयापचयातून तयार होणारे टाकाऊ द्रव्य आहे. ते रोज जवळजवळ ठरावीक प्रमाणात तयार होते आणि मुख्यतः मूत्रपिंडांतून बाहेर पडते, म्हणून गाळण्याचा वेग मंदावला की रक्तात साचते. मात्र ज्याचे स्नायू कमी त्याचे क्रिएटिनिन मुळातच कमी तयार होते, आणि नेमकी इथेच फसगत होते.

एक उदाहरण पाहा. तीस वर्षांचा पुरुष आणि सत्तर वर्षांची स्त्री, दोघांचेही क्रिएटिनिन १.२ आहे. बऱ्याच लॅबच्या छापील मर्यादेत हा आकडा बसतो किंवा मर्यादेला जेमतेम टेकतो. सध्या प्रचलित असलेल्या २०२१ च्या सीकेडी-एपी सूत्रात तो घातला, तर त्या तरुणाचा ईजीएफआर ८३ येतो आणि आजींचा ४९. ‘क्रिएटिनिन नॉर्मल आहे, काळजी नको’ असे म्हणून आजींचा कागद फाइलीत गेला, तर अर्ध्याच्या खाली आलेली गाळणक्षमता कोणाच्याच ध्यानात येणार नाही. रिपोर्टवर क्रिएटिनिन असूनही वेगळी ओळ छापण्याचे प्रयोजन हेच आहे.

परदेशातील मराठी वाचकांसाठी एक सूचना : ब्रिटन, ऑस्ट्रेलियासारख्या देशांत क्रिएटिनिन मायक्रोमोलमध्ये देतात. तो आकडा ८८.४ ने भागला की आपल्याकडील मिलिग्रॅमचा आकडा मिळतो. तिकडचे १०६ म्हणजे इकडचे १.२. आई-वडिलांचे दोन देशांतले रिपोर्ट शेजारी ठेवून घाबरून जाण्यापूर्वी एवढा भागाकार करावा. ईजीएफआरचे एकक मात्र दोन्हीकडे एकच असते.

पायरी ३ : सूत्र कोणते वापरले आहे, ते पाहा

सूत्राचे नाव रिपोर्टच्या तळाशी बारीक अक्षरांत असते. १९७६ चे कॉकक्रॉफ्ट-गॉल्ट, १९९९ चे एमडीआरडी, २००९ चे सीकेडी-एपी आणि २०२१ चे सुधारित सीकेडी-एपी अशी ही परंपरा आहे. २०२१ मध्ये सूत्रातून वंशाचा घटक काढून टाकण्यात आला. वरच्या उदाहरणातील आजींचा ईजीएफआर २००९ च्या सूत्राने ४६ येतो आणि २०२१ च्या सूत्राने ४९. म्हणजे लॅब बदलली आणि सूत्रही बदलले, तर मूत्रपिंडात काहीही न घडता तीन अंक वाढू शकतात. सुधारणा झाली म्हणून पेढे वाटण्यासारखे त्यात काही नसते, आणि उलट दिशेने बदल झाला तर हातपाय गाळण्यासारखेही नसते. शक्य असेल तितके एकाच लॅबकडून तपासून घेणे, हा यावरचा साधा उपाय.

ही सूत्रे प्रामुख्याने अमेरिका आणि युरोपातील लोकांच्या मोजमापांवरून तयार झाली आहेत. आपल्याकडे स्नायूंचे प्रमाण तुलनेने कमी आणि अनेकांचा आहार शाकाहारी असल्यामुळे क्रिएटिनिन कमी राहते, आणि सूत्र मूत्रपिंडाचे काम आहे त्यापेक्षा चांगले दाखवण्याचा संभव असतो. शंका असल्यास डॉक्टर सिस्टॅटिन सी ही चाचणी सांगतात. ती स्नायूंवर फारशी अवलंबून नसते, पण महाग पडते आणि सगळीकडे होत नाही.

पायरी ४ : आकडा कधी फसवतो, ते तपासा

रक्त देण्याच्या आदल्या रात्री मटणाचे भरपेट जेवण झाले असेल, तर शिजवलेल्या मांसातून आलेले क्रिएटिनिन रक्तात भर घालते. व्यायामशाळेत जाणारी मुले क्रिएटिनची पावडर घेतात, तिचाही हाच परिणाम होतो. ट्रायमेथोप्रिम हे प्रतिजैविकातील घटकद्रव्य क्रिएटिनिनचे उत्सर्जन अडवते, पण गाळण्याचा वेग त्यामुळे बदलत नाही. जुलाब-उलट्यांनी अंगातले पाणी गेलेले असताना केलेली तपासणीही नेहमीची स्थिती दाखवत नाही. उलट दिशेची फसवणूक अधिक घातक असते. दीर्घ आजारात खंगलेला, अंथरुणाला खिळलेला किंवा पाय कापावा लागलेला रुग्ण असेल, तर क्रिएटिनिन कमी असल्याने ईजीएफआर दिलासादायक दिसतो आणि मूत्रपिंडे प्रत्यक्षात बरीच थकलेली असतात.

गरोदरपणात ही सूत्रे वापरत नाहीत. अठरा वर्षांखालील मुलांसाठी उंचीवर आधारलेले वेगळे सूत्र आहे, त्यामुळे मुलाच्या रिपोर्टवर मोठ्यांच्या सूत्राचा आकडा छापलेला असेल, तर तो सरळ बाजूला ठेवावा.

आणखी एक गोष्ट ठळकपणे सांगितली पाहिजे. मूत्रपिंडे अचानक बंद पडली, तर क्रिएटिनिन साचायला एक ते तीन दिवस लागतात. दोन दिवसांत लघवी एकदम कमी झाली, चेहरा-पाय सुजले, उलट्या किंवा धाप सुरू झाली, तर कालच्या रिपोर्टवरील ईजीएफआरचा आधार न घेता तातडीने रुग्णालय गाठावे. हे सूत्र स्थिर स्थितीसाठी आहे, झपाट्याने बदलणाऱ्या स्थितीसाठी नाही.

पायरी ५ : टप्पा ठरवा, पण अल्ब्युमिनसह

केडिगो या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या वर्गीकरणानुसार ९० आणि त्यावर जी१, ६० ते ८९ जी२, ४५ ते ५९ जी३ए, ३० ते ४४ जी३बी, १५ ते २९ जी४ आणि १५ च्या खाली जी५ असे टप्पे आहेत. हे वाचताना ‘स्टेज’ या शब्दाला कॅन्सरच्या स्टेजचा अर्थ चिकटवू नये. तिसऱ्या टप्प्यातील कित्येक वयस्कर माणसे डायलिसिसची वेळ न येता आपले आयुष्य पूर्ण जगतात. आकड्याला टक्केवारी समजून ‘किडनी ५० टक्केच चालते’ असे म्हणण्याची पद्धत डॉक्टरांमध्येही आहे. समजावण्यापुरती ती चालते, परंतु निरोगी वृद्धाचाही ईजीएफआर १०० नसतो, कारण साधारण चाळिशीनंतर तो वर्षाला एखाद्या अंकाने उतरत जातो.

पहिल्या दोन टप्प्यांबाबत तर गोंधळ हमखास होतो. ईजीएफआर ७५ असेल आणि लघवीत प्रथिने किंवा रक्त नसेल, सोनोग्राफीत दोष नसेल, तर त्याला मूत्रपिंडाचा आजार म्हणत नाहीत. याउलट ईजीएफआर ९५ असून लघवीत अल्ब्युमिन सतत जात असेल, तर आजार आहे. म्हणून लघवीतील अल्ब्युमिन-क्रिएटिनिन गुणोत्तर, म्हणजेच एसीआर, ही दुसरी तपासणी करणे आवश्यक असते, आणि माझ्या मते आपल्याकडे सर्वांत जास्त टाळली जाणारी तपासणी हीच आहे. मधुमेही रुग्ण दर तीन महिन्यांनी साखर तपासतो, पण लघवीचा हा साधा नमुना वर्षानुवर्षे देत नाही. शक्यतो सकाळच्या पहिल्या लघवीचा नमुना द्यावा. ताप, मूत्रमार्गाचा संसर्ग, मासिक पाळी किंवा आदल्या दिवशीचा जबर व्यायाम असेल तर तो पुढे ढकलावा. ३० च्या खाली ए१, ३० ते ३०० ए२ आणि ३०० च्या वर ए३ (मि.ग्रॅ. प्रति ग्रॅम), असे याचे वर्ग आहेत. ईजीएफआर ५२ आणि एसीआर १० असलेल्या माणसापेक्षा ईजीएफआर ७० आणि एसीआर ६०० असलेल्या माणसाची चिंता अधिक करावी लागते, हे केवळ पहिल्या आकड्याकडे पाहून कधीच कळणार नाही.

पायरी ६ : तीन महिने थांबून पुन्हा तपासा

मूत्रपिंडाचा दीर्घकालीन आजार म्हणण्यासाठी बिघाड तीन महिन्यांहून अधिक काळ टिकलेला असावा लागतो. जुने रिपोर्ट हाताशी असतील, तर थांबण्याचीही गरज उरत नाही. दोन वर्षांपूर्वीच्या शस्त्रक्रियेआधी केलेल्या रक्ततपासणीचा कागदही इथे उपयोगी पडतो. वहीत तारीख, लॅब, क्रिएटिनिन, ईजीएफआर, एसीआर, रक्तदाब आणि त्या वेळी चालू असलेली औषधे असे रकाने आखून नोंद ठेवावी. ६१ वरून ५७ हा बदल चाचणीच्या नेहमीच्या चढउतारात मोडतो. वीस टक्क्यांहून मोठी घसरण दिसली, म्हणजे ६१ वरून ४८ झाले, तर ते मनावर घेऊन डॉक्टरांना दाखवावे.

रक्तदाबाची रामिप्रिल, टेल्मिसार्टन या वर्गातील औषधे किंवा डापाग्लिफ्लोझिनसारखी मधुमेहावरील औषधे सुरू केल्यावर पहिल्या काही आठवड्यांत ईजीएफआर थोडा उतरतो. गाळणीतील दाब कमी झाल्याचा तो परिणाम असतो, आणि लांबच्या पल्ल्यात याच औषधांनी मूत्रपिंडाचे रक्षण होते. ‘गोळी चालू केली आणि किडनी बिघडली’ असा निष्कर्ष काढून औषध परस्पर बंद करणे, हा या आकड्याच्या अर्धवट वाचनाचा सर्वांत महागात पडणारा परिणाम आहे. क्रिएटिनिन ३० टक्क्यांहून अधिक वाढले, तर डॉक्टर स्वतःच फेरविचार करतात.

पायरी ७ : आकडा घेऊन कोणाकडे आणि काय विचारायला जायचे

ईजीएफआर ३० च्या खाली, एसीआर ३०० च्या वर, वर्षाला पाचहून अधिक अंकांची सलग घसरण, लघवीत टिकून राहिलेले रक्त, किंवा चार औषधे घेऊनही आटोक्यात न येणारा रक्तदाब, यांपैकी एकही गोष्ट असेल तर मूत्रपिंडविकार तज्ज्ञांकडे जावे. त्याआधीच्या टप्प्यांत नेहमीचे फिजिशियन पुरेसे असतात. जाताना औषधांच्या पट्ट्या सोबत घ्याव्यात, कारण गुडघेदुखीसाठी दुकानातून परस्पर आणलेली डायक्लोफिनॅकची गोळी प्रिस्क्रिप्शनवर कधीच नसते आणि मूत्रपिंडाला नेमकी तीच बाधते. वैद्यांकडून किंवा ओळखीतून आणलेल्या पुड्या आणि भस्मे असतील, तर तीही न लाजता दाखवावीत. मधुमेह असल्यास मेटफॉर्मिनचा डोस विचारून घ्यावा. ईजीएफआर ४५ च्या खाली गेला की तो सहसा कमी करतात आणि ३० च्या खाली औषध थांबवतात. सीटी स्कॅनसाठी शिरेतून रंगद्रव्य देणार असतील, तर अलीकडचा ईजीएफआर तिथे आधी सांगावा.

डायलिसिस ‘कोणत्या आकड्याला’ सुरू होते, हा प्रश्न जवळपास प्रत्येक जण विचारतो. त्यासाठी ठरलेली रेघ नाही. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये झालेल्या आणि २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, केवळ आकडा उतरला म्हणून लवकर डायलिसिस सुरू केलेल्यांना लक्षणे दिसेपर्यंत थांबलेल्यांपेक्षा जास्त आयुष्य लाभले नाही, असे आढळले. ईजीएफआर १२ असूनही जेवणखाण, झोप, पोटॅशियम आणि अंगावरील सूज आटोक्यात असेल, तर डॉक्टर थांबतात. १४ असताना फुप्फुसांत पाणी साचत असेल, तर थांबत नाहीत. मात्र डायलिसिससाठी हातातील फिस्टुला, म्हणजे शस्त्रक्रियेने धमनी आणि शीर यांचा केलेला जोड, तयार व्हायला काही आठवडे ते महिने लागतात. म्हणून ईजीएफआर २० च्या आसपास आला, की फिस्टुला, पोटाचे डायलिसिस आणि घरातील दात्याकडून प्रत्यारोपण यांविषयी बोलणे सुरू करावे, आणि रक्त काढण्यासाठी किंवा सलाइनसाठी सुई हाताच्या पंजावर टोचायला सांगून मनगट आणि कोपर यांमधील शिरा राखून ठेवाव्यात.