माहितीपटाचे संकलन: या चुका टाळा

मालवण, वेंगुर्ले किंवा हर्णै येथे चित्रित झालेले कित्येक तासांचे रशेस (न कापलेले मूळ चित्रीकरण) हाती आले की नवा संकलक आधी ड्रोनची दृश्ये उघडतो आणि पहिली चूक तिथेच होते. मुलाखती पूर्ण ऐकून, टाइमकोडसह (प्रत्येक वाक्याच्या चित्रफितीतल्या नेमक्या वेळेसह) कागदावर उतरवून घेतल्याशिवाय टाइमलाइनला, म्हणजे सॉफ्टवेअरमध्ये क्लिपा क्रमाने मांडायच्या पट्टीला, हात लावू नये.

सर्वांत गंभीर चूक म्हणजे बोलणाऱ्याचा अर्थ कापणे. रापण (किनाऱ्यावरून ओढायचे मोठे जाळे) ओढणारे एक वृद्ध मच्छीमार कॅमेऱ्यासमोर म्हणाले होते, "मासो गावता" (मासा मिळतो), आणि बराच वेळ समुद्राकडे पाहत राहून पुढे म्हणाले, "पण पयल्यासारखो नाय." मधली शांतता मला रटाळ वाटली आणि मी "गावता"वरच कट मारला. रफ कट (संकलनाचा पहिला कच्चा खर्डा) पाहताना त्यांच्या सुनेने तिथल्या तिथे विचारले, "मामांनी असा खंय सांगल्यानी?" (मामांनी असं कुठं सांगितलं?) ती शांतता मी होती तेवढीच परत ठेवली. बोली येत नसेल, तर गावातला जाणकार शेजारी बसवूनच सबटायटल लिहावेत.

किनाऱ्यावरच्या मुलाखतीत कट डोळ्यांआधी कानाला कळतो, कारण फुटत असलेली लाट अर्ध्यावर तुटते आणि पुढच्या क्लिपमध्ये दुसरीच लाट सुरू होते. त्यासाठी त्याच जागेचा मिनिटभराचा ॲम्बियन्स (कुणी बोलत नसतानाचा परिसराचा आवाज) ध्वनिमुद्रकाकडून आवर्जून मागून घ्यावा आणि तो कटच्या दोन्ही बाजूंना सलग पसरावा. वर संगीत ओतून ही फट बुजवणे हा निव्वळ आळस आहे.

ओठ आणि आवाज हळूहळू वेगळे होऊ लागले, तर मोबाइलवरचे चित्रीकरण तपासावे. मोबाइलचा फ्रेम रेट (सेकंदाला टिपल्या जाणाऱ्या चित्रांची संख्या) बहुधा स्थिर नसतो, त्यामुळे २५ फ्रेमच्या टाइमलाइनवर स्वतंत्र मुद्रित केलेला आवाज सुरुवातीला जुळतो आणि दहा मिनिटांनी घसरतो. अशा क्लिपा आधी स्थिर फ्रेम रेटमध्ये रूपांतरित कराव्यात आणि मूळ प्रत जपून ठेवावी.

ऋतूंची सरमिसळ मात्र कोणतेही सॉफ्टवेअर दाखवून देत नाही. पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद असते. त्या काळात वर ओढून झाकून ठेवलेल्या होड्यांची दृश्ये ऑक्टोबरमधल्या मासळीच्या लिलावाच्या आवाजावर लावली, तर मच्छीमार प्रेक्षक पहिल्याच दृश्याला हसतात.